जागा राखीव, उमेदवारी कोणाची?

वसई-विरार महानगरपालिकेची मुदत जून २०२० मध्ये संपली. त्यानंतर साडेपाच वर्षे कारभार प्रशासकाच्या हाती राहिला आणि जानेवारी २०२६ मध्ये अखेर निवडणूक झाली. निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव होत्या. १९९३ मध्ये अमलात आलेली ७४ वी घटनादुरुस्ती आणि २०११ चा राज्याचा पन्नास टक्क्यांचा कायदा यांनी सभागृहात स्त्रिया असतील एवढे निश्चित केले. त्या कोण असाव्यात हे कायदा ठरवीत नाही. ते पक्षाच्या बैठकीत ठरते, आणि ती बैठक बहुधा रात्री दहानंतर भरते. पहाटेच्या गाडीने चर्चगेट गाठणारी, परतल्यावर चूल सांभाळणारी नालासोपाऱ्याची कार्यकर्ती त्या बैठकीला कशी असणार? ती नसते, तिच्या नावाचा विचारही होत नाही.

या तालुक्याचा इतिहास बोलका आहे. १९८२ मध्ये श्रमजीवी संघटना उभारली ती विवेक आणि विद्युल्लता पंडित या दोघांनी. २००९ मध्ये वसईतून विधानसभेवर गेले ते विवेक पंडित. २०२४ मध्ये त्यांच्या कन्या स्नेहा दुबे यांनी हितेंद्र ठाकूर यांचा सुमारे तीन हजार मतांनी पराभव केला. तत्पूर्वी महापौरपद भूषविलेल्या प्रवीणा ठाकूर या हितेंद्र ठाकूर यांच्या पत्नी. यांपैकी कोणाच्याही कर्तृत्वाचा अधिक्षेप करण्याचे कारण नाही. प्रश्न आहे तो ज्यांच्या घरात नेता नाही अशा स्त्रियांचा. त्याच २०२४ च्या निवडणुकीत २८८ आमदारांत स्त्रिया अवघ्या २१ निवडून आल्या, कारण तेथे आरक्षण नव्हते.

राखीव जागेवरही अडथळे थोडे नाहीत. जातीचा दाखला माहेरच्या कागदांवरून पडताळावा लागतो, आणि मतदारयादीत नाव सासरचे असते. बहुसदस्यीय प्रभागात खर्च मोठा. तो उचलणारा पॅनेलप्रमुख उद्या नगरसेविकेच्या सहीचाही धनी होऊ पाहतो. चारित्र्यावरची कुजबुज तर पुरुष उमेदवाराच्या वाट्याला सहसा येतच नाही.

मृणाल गोरे १९६१ मध्ये मुंबई महापालिकेत आणि १९७२ मध्ये विधानसभेत गेल्या, तेव्हा राखीव जागा नव्हत्या. पाण्याच्या लढ्यातील काम हेच त्यांचे भांडवल होते. समाजवादी कार्यकर्त्यांनी हे नाव अभिमानाने घ्यावे. पण त्यानंतर पाण्याच्या मोर्चात हंडा घेऊन पुढे चालणाऱ्या किती स्त्रियांना खुल्या जागेवर उमेदवारी दिली, याचा हिशेबही मांडावा. आरक्षण सोडतीने फिरते. पाच वर्षे प्रभाग बांधणाऱ्या नगरसेविकेची जागा खुली झाली की "आता भाऊंना उभे राहू द्या" असे तिला सांगितले जाते, आणि हे सांगणाऱ्यांत पुरोगामी म्हणविणारेही असतात. पुढील सोडतीपूर्वीच अशा नगरसेविकांची नावे खुल्या जागांसाठी तालुका समितीने ठरवून जाहीर करावीत.