दगडाच्या भरवशावर पत्रे ठेवू नका

शेतकरी बंधूंनो, वळवाच्या पावसाची आपण वाट पाहतो. पण त्याच्या पुढे धावत येणाऱ्या वाऱ्याचा विचार करीत नाही. भोर-वेल्ह्याच्या खोऱ्यांत तो आधी येतो आणि गोठ्याचे पत्रे घेऊन जातो. मागाहून पंचनामा, मग मदतीची वाट. हे किती दिवस चालायचे?

ढगातून पडणारे थेंब खालच्या तापलेल्या, कोरड्या हवेत वाटेतच सुकतात. त्यामुळे हवा गार आणि जड होते, जोराने खाली आदळते आणि चहूकडे पसरते. म्हणूनच आधी गार झोत, धुळीचा लोट, अन् मग सरी.

वाऱ्याचा हिशेब साधा आहे. वेग दुप्पट झाला की जोर चौपट होतो. दहा फूट लांब, तीन फूट रुंद पत्रा घ्या. ताशी ५० किलोमीटरच्या झोतात त्यावर ढोबळमानाने ३३ किलोचा जोर येतो; १०० किलोमीटरला १३० किलोचा! गोठा एका बाजूने उघडा असेल तर वारा आत शिरून खालूनही पत्रा उचलतो. तिथे पत्र्यावर ठेवलेले चार दगड काय करणार? उलट तेच जनावरांच्या अंगावर पडतात.

३ जून २०२० चे निसर्ग वादळ आठवा. अलिबागजवळ किनाऱ्याला लागले तेव्हा वारा ताशी ११० ते १२० किलोमीटर होता. घाट चढून आल्यावर जोर कमी झाला होता, तरी आपल्या जिल्ह्याच्या पश्चिम पट्ट्यात घरांचे अन् शाळांचे पत्रे उडाले. शाळा तेव्हा बंद होत्या, हे नशीब.

बांधकामाच्या भारतीय मानकात पुण्यासाठी वाऱ्याचा वेग सेकंदाला ३९ मीटर, म्हणजे ताशी १४० किलोमीटर धरला आहे. मग शाळा, अंगणवाडी, घरकुलाच्या अंदाजपत्रकात जे-हूक, वॉशर आणि वासे भिंतीला बांधणाऱ्या लोखंडी पट्ट्या आहेत का, हे सरपंचांनी अन् भाऊसाहेबांनी सही करण्याआधी पाहायला नको?

आणि आपणही पाडव्यानंतर एक दिवस काढून गोठ्याचे हूक तपासावेत, गंजलेले बदलावेत, कडेचे पत्रे आधी आवळावेत, कारण वारा तिथूनच हात घालतो. मदत मागणे हा आपला हक्क आहेच. पण बैल गेला नि झोपा केला, असे दरसाल होऊ देऊ नका.