जमिनीसारखीच सुईही मागून घ्या



दाव्याच्या कागदासाठी आपण कचेरीवर पायी जातो. पोराच्या सुईसाठीही तसंच जायचं आहे.

गुरांमागे, मोहा वेचायला गेलेल्या पोराला कुत्रं-कोल्हा चावला, नुसतं ओरखडलं तरी जखम वाहत्या पाण्यात साबणानं 15 मिनिटं धुवा. मिरची, चुना भरू नका. त्याच दिवशी सरकारी दवाखाना गाठा. सुया आता पोटात नाही, दंडात देतात, लहानग्यांना मांडीत. त्या 28 दिवसांपर्यंत चालतात. जखम भरली म्हणून तारीख सोडू नका. रक्त आलं असेल तर जखमेत द्यायचं वेगळं इंजेक्शनही मागा. रोग एकदा अंगात उमटला की औषध नाही. भगताकडे जायचंच तर सुई घेऊन मग जा.

मार बसेल म्हणून पोरं चावा लपवतात. त्यांना रागावू नका. पिल्लांजवळच्या कुत्रीला छेडू नये, हे आधीच सांगून ठेवा.

लस संपली म्हणाले तर तसं लिहून मागा. दवाखाना लांब आहे? वनहक्क कायदा 2006, कलम 3(2) प्रमाणे ग्रामसभेच्या शिफारशीनं दवाखान्याला एक हेक्टरच्या आतली वनजमीन मिळू शकते. येत्या ग्रामसभेत दोन्ही ठराव घ्या, पोच जपून ठेवा.