निबंधकाचा शिक्का, न्यायालयाचा निवाडा
भोपाळमधील एका गृहनिर्माण संस्थेने १९६२ साली सभासदाला विकलेला भूखंड २००१ मध्ये एकतर्फी दस्त नोंदवून परत घेतला. तो दस्त रद्द करावा, ही वारसाची मागणी उपनिबंधक कार्यालयापासून थेट सर्वोच्च न्यायालयात गेली. २६ ऑक्टोबर २०१६ रोजी निवाडा आला: नोंदलेला दस्त रद्द करण्याचा अधिकार निबंधकाला नाही, दाद सक्षम न्यायपीठाकडेच मागावी.

भोपाळच्या शाहपुऱ्यातील घरमालकाइतकाच हा निवाडा गोव्यातील भाटकारालाही लागू होतो. जमीन हडप प्रकरणांसाठी राज्य सरकारने जून २०२२ मध्ये विशेष तपास पथक नेमले, अटकाही झाल्या. मात्र संशयिताला अटक झाली म्हणून विक्रीखत रद्द होत नाही. त्यासाठी दिवाणी दावाच हवा, आणि त्याची मुदत फसवणूक कळल्यापासून तीन वर्षे. परदेशस्थ वारसाची कसोटी इथेच लागते: कळले केव्हा, हे त्याला पुराव्याने दाखवावे लागते. नोंदणीकृत दस्त खरा, हे न्यायालय गृहीत धरते. कोणी, केव्हा, कसे फसवले याचा तपशील मूळ दाव्यातच नसेल, तर अपिलात ती उणीव भरून काढणे अवघड. दुसऱ्या अपिलात तर केवळ कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नाचा विचार होतो; सही खरी की खोटी, हा वाद बहुधा तोवर मिटलेला असतो.