केळफा कोण होते?



आज आधी एक कोडं. 'केळफा' या नावातली अक्षरं उलट्या क्रमाने वाचा बघू. जमलं? फाळके! आपले दादासाहेब फाळके याच नावाने जादूचे प्रयोग करायचे. पुढे ही जादू त्यांनी पडद्यावरही आणली आणि जादूगार झाले स्वतःच.

काशीला आलेले पाहुणे आमच्या दूधविनायकच्या गल्लीत मराठी ऐकून चकित होतात. मग हरिश्चंद्र घाट बघायचा म्हणतात. सत्यासाठी स्मशानात चाकरी करणाऱ्या त्याच राजाची गोष्ट दादासाहेबांनी पहिल्या चित्रपटासाठी निवडली. 3 मे 1913 रोजी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' लागला. पटकथा त्यांची, दिग्दर्शन त्यांचं, नटांना शिकवणं आणि फिल्म धुणंही त्यांचंच.

पण थांबा, 'एकट्याने सगळं केलं' असं म्हणायची घाई नको. सिनेमासाठी सरस्वतीबाईंनी दागिने दिले. दिवसभर सगळ्या मंडळींचा स्वयंपाक सांभाळला. फिल्मला भोकं पाडणं, ती धुणं, तुकडे जोडणं हेही त्या शिकल्या. यातल्या तुकडे जोडण्याला आज आपण संकलन म्हणतो.

1918 मध्ये भागीदारांच्या साथीने नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. भांडवल आलं, पण मतभेदही आले. शेवटी दादासाहेब कंपनी सोडून सहकुटुंब इथे काशीला आले. तेव्हा ते पन्नाशीत होते. सिनेमा नकोच, असं ठरवलेलं!

पण लिहिणारा हात स्वस्थ बसतो होय? काशीत त्यांनी 'रंगभूमी' नावाचं नाटक लिहिलं. त्या काळच्या नाटकवाल्यांनाच त्यात चिमटे काढले होते. 1922 मध्ये मुंबईत त्याचे प्रयोग झाले, पण लोकांना ते फारसं रुचलं नाही. मग दादासाहेब रुसून बसले का? नाही. ज्या कंपनीतून निघून आले होते, तिथेच परत गेले आणि पुन्हा चित्रपट करू लागले. 1937 मध्ये, सदुसष्टाव्या वर्षी त्यांनी 'गंगावतरण' हा बोलपटही केला.

मला त्यांच्या यशापेक्षा हे परत जाणं मोठं वाटतं. सोडून जाताना राग पुरतो. परत यायला मात्र आपल्या कामावर जीव असावा लागतो आणि मान थोडा बाजूला ठेवावा लागतो.

तुम्हीही रागाच्या भरात एखादं आवडतं काम सोडलंय का? पेटी, चित्रकला, अर्धवट राहिलेलं शिक्षण? या रविवारी ते पुन्हा हातात घेऊन बघा. आणि हो, तुमच्या कामामागे उभ्या असलेल्या घरातल्या 'सरस्वतीबाईं'चं नावही आवर्जून घ्या.

भेटू पुढच्या वेळी!