निकाल जवानाचा, मर्जी खात्याची

अपंगत्व निवृत्तिवेतनासाठी झगडणाऱ्या माजी सैनिकाला आपल्या देशात अनेकदा दोन वेळा जिंकावे लागते. एकदा सशस्त्र दल न्यायाधिकरणात आणि पुन्हा एकदा, तोच निकाल अमलात यावा म्हणून. पहिल्या लढाईपेक्षा दुसरी मला अधिक लाजिरवाणी वाटते, कारण तिथे वादाचा मुद्दाच उरलेला नसतो.

हे न्यायाधिकरण २००७ च्या कायद्याने निर्माण झाले आणि २००९ मध्ये त्याचे काम सुरू झाले. कायद्याचे कलम २९ सांगते की त्याचा आदेश अंतिम असेल आणि त्यानुसार अंमलबजावणी होईल. पण ती झाली नाही तर? कलम १९ अवमानाबद्दल बोलते खरे. मात्र ते न्यायाधिकरणासमोर अपमानास्पद भाषा वापरणाऱ्या वा कामकाजात व्यत्यय आणणाऱ्यापुरते. त्यासाठी तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास आहे. आदेशाची फाईल शांतपणे दाबून ठेवणाऱ्या अधिकाऱ्याचा त्यात उल्लेख नाही. याउलट केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाला १९८५ च्या कायद्याच्या कलम १७ ने उच्च न्यायालयासारखेच अवमानाचे अधिकार दिले आहेत. म्हणजे संरक्षण मंत्रालयातील मुलकी कारकुनाचा निकाल डावलला तर साहेबांना नोटीस येऊ शकते. जवानाचा डावलला तर त्यालाच अंमलबजावणीचा अर्ज घेऊन पुन्हा दारात उभे राहावे लागते. हा भेद कोणत्या तर्काने केला गेला, ते मला कधीच उमगलेले नाही.

अपील करण्याचा सरकारचा हक्क मी नाकारत नाही. पैसा करदात्यांचा आहे आणि प्रत्येक रक्तदाबाचे मूळ सीमेवरच्या चौकीत नसते, हा युक्तिवादही ऐकण्याजोगा आहे. परंतु अपील दाखल करणे म्हणजे स्थगिती मिळणे नव्हे, हे कायद्याच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही ठाऊक असते. शिवाय बरेच मुद्दे केव्हाच मिटले आहेत. सेवेत दाखल होताना नोंद नसलेला आजार सेवेमुळेच जडला असे गृहीत धरावे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये धरमवीर सिंग प्रकरणात सांगितले. अपंगत्वाची टक्केवारी वरच्या टप्प्यात मोजण्याचा लाभ नियत वयोमानानुसार निवृत्त झालेल्यांनाही द्यावा, हे डिसेंबर २०१४ मध्ये राम अवतार प्रकरणात ठरले. संरक्षणमंत्री असताना मनोहर पर्रीकरांनी २०१५ मध्ये अशी कज्जेदलाली कमी करण्यासाठी तज्ज्ञ समितीही नेमली होती.

मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणाच्या निकालांविरुद्ध उच्च न्यायालयाचे दार पुन्हा मोकळे केले. त्याचा लाभ जवानाला व्हायला हवा होता. झाला असा की सरकारही त्याच दाराने आत शिरले.

संसदेने कलम १९ मध्ये कलम १७ चे शब्द घालावेत; काम एका दुरुस्तीचे आहे. तोवर उच्च न्यायालयांनी स्थगिती नसलेल्या प्रत्येक आदेशासाठी तारीख आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद नमूद करावे. विलंबाचे व्याज आज सरकारी तिजोरीतून जाते. फाईल अडवणाऱ्याच्या पगारातून ते एकदा तरी कापून पाहावे.