पाय पाहून अंथरूण

बऱ्याच दिवसांनी लिहितेय, आणि लिहितेय ते भांडायलाच. घरातली मंडळी हे वाचतात हे मला माहीत आहे. दादा, वहिनी, आत्या, तुम्ही रागवाल. पण शेवटपर्यंत वाचा, कारण यातली निम्मी चूक माझी स्वतःची आहे.

तर झालं असं. गेल्या दिवाळीत आमच्या नागपूरच्या घरात खोल्यांची अदलाबदल झाली. आईला जाऊन दोन वर्षं झाली होती. पुतण्या बारावीला आला, त्याला स्वतंत्र खोली हवी होती. बाबा स्वतःहून म्हणाले, "मी मागच्या खोलीत जातो न, मला काय करायची एवढी मोठी खोली?" मागच्या खोलीत डबलबेड काही जाईना. मग हॉलमधला जुना दिवाण आत सरकवला आणि त्याच्या मापाची नवी फोमची गादी आणली. ७२ बाय ३०. दादाने फोन करून विचारलं तेव्हा मी पुण्याहून ताबडतोब म्हटलं, "हो, सिंगलच घ्या. एकट्यालाच तर लागते."

हे वाक्य माझं आहे. विसरायचं म्हटलं तरी विसरता येत नाही.

मे महिन्यात नागपूरला गेले. पारा ४५ च्या वर, रात्रभर कूलर चालू. तीन वाजता कूलरची टाकी भरायला उठले आणि बाबांच्या खोलीत डोकावले. बाबा पाठीवर झोपले होते. त्यांचे पाय गादीच्या बाहेर, एका स्टुलावर होते. स्टुलावर आईची जुनी गोधडी चौघडी घालून नीट ठेवली होती. म्हणजे हे त्या रात्रीपुरतं नव्हतं. सहा महिन्यांपासून ही व्यवस्था चालू होती आणि घरात एकालाही ठाऊक नव्हतं, कारण सकाळी उठलं की स्टूल परत टेबलाखाली जायचं.

सकाळी विचारलं तर म्हणाले, "ठीक आहे न. एका माणसाला किती जागा लागते?"

आता हिशेब करू. बाबांची उंची ५ फूट साडेदहा इंच, म्हणजे साडेसत्तर इंच. गादी ७२ इंच. कागदावर दीड इंच उरतो. पण माणूस कागदावर झोपत नाही. उशी डोक्याकडच्या फळीला अगदी चिकटून राहत नाही, दोन-तीन इंच खाली येतेच. आणि पाठीवर झोपलं की पावलं सरळ ताठ उभी न राहता पुढे पडतात, तेव्हा आणखी दोन-तीन इंच जातात. दीड इंच कधीच संपला. म्हणून साधा नियम असा की आपली उंची अधिक निदान सहा इंच. बाबांना ७७ च्या आसपास हवी, आणि बाजारात ७८ ची गादी मिळते.

आपल्याकडे 'सिंगल' या एका शब्दाखाली लांबीला ७२, ७५ आणि ७८ इंच, रुंदीला ३० आणि ३६ इंच अशी सगळी मापं विकली जातात. दुकानात जाऊन "सिंगल द्या" म्हणणं म्हणजे चपलांच्या दुकानात जाऊन "पायाची द्या" म्हणण्यासारखं आहे. इंग्लंडात सिंगल म्हणजे ३ फूट बाय ६ फूट ३ इंच, आपलं ३६ बाय ७५. अमेरिकेत ३८ बाय ७५, आणि कॉलेजच्या वसतिगृहांतून बऱ्याच ठिकाणी ३८ बाय ८० असते, कारण तिथे उंच पोरं राहतात हे कोणाच्या तरी लक्षात आलं. जर्मनीत ९० बाय २०० सेंटिमीटर. थोडक्यात, सिंगल ही काही निसर्गाने ठरवून दिलेली लांबी नाही.

मग दादाचा मुद्दा. तो म्हणाला, "खोली बघितलीस का? कुठे मावणार?" म्हणून टेप घेऊन खोलीच मोजली. दहा फूट बाय नऊ फूट, म्हणजे १२० बाय १०८ इंच. लांब भिंतीला ७२ ची गादी लावली तर ४८ इंच उरतात, ७८ ची लावली तर ४२. त्या जास्तीच्या सहा इंचांत आम्ही काय ठेवलं होतं? रद्दी! रुंदीचंही तेच. ३६ ची गादी लावली तर १०८ मधून ७२ उरले. समोर वीस इंच खोल लोखंडी कपाट. राहिले ५२ इंच. कपाटाचं एक दार अठरा इंचांचं, ते पूर्ण उघडूनही माणूस सहज जाऊ शकतो. म्हणजे खोली लहान आहे म्हणून बाबांना आखूड गादी मिळाली हे खोटं आहे. दिवाण फुकटात पडला होता म्हणून मिळाली. दिवाणाला गादी शोधली, गादीला बाबा शोधले.

माझं भांडण इथेच आहे. घरात 'सिंगल' कोणाच्या वाट्याला येतं ते बघा. वसतिगृहात जाणारं पोरगं, लग्न न झालेली आत्या, दवाखान्यात रुग्णापाशी थांबणारा माणूस, कामाला राहणारी मुलगी, आणि जोडीदार गेलेला म्हातारा. यांपैकी कोणाचीही उंची विचारून बिछाना आणल्याचं मला आठवत नाही. जोडप्याचा पलंग घेताना आपण चार दुकानं फिरतो, त्यावर बसून बघतो, आडवं होऊन बघतो. एकट्या माणसाला मात्र घरात जे उरलंय ते. आणि वर म्हण तयार आहेच, अंथरूण पाहून पाय पसरावे. ही म्हण पैशाअडक्याबद्दल आहे हो! ती खऱ्या अंथरुणाला लावली की साडेसत्तर इंचांचा माणूस गुडघे दुमडून झोपतो आणि त्याला आपण समाधानी म्हणतो.

बाबांचा तो प्रश्न टॉलस्टॉयने १८८६ साली एका गोष्टीत विचारलाय, माणसाला किती जमीन लागते म्हणून. उत्तर सहा फूट असं आपल्याला पाठ असतं. ते इंग्रजी भाषांतरातलं. मूळ रशियनमध्ये तीन अर्शीन आहेत, आणि एक अर्शीन म्हणजे २८ इंच. तीनाचे झाले ८४. म्हणजे टॉलस्टॉयने मेलेल्या माणसालासुद्धा आमच्या बाबांपेक्षा एक फूट जास्त दिला होता. आमचे बाबा तर जिवंत आहेत, कूस बदलतात, रात्री दोनदा उठतात.

आणि हे सगळं कुठे, तर नागपुरात! जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल १८७७ च्या एक जानेवारीला जिथे सुरू झाली त्या गावात. तिच्या जागेवर आज मॉल उभा आहे. कापूस संशोधनाची केंद्रीय संस्था १९७६ पासून इथे आहे, आणि गावात एका अख्ख्या भागाचं नावच कॉटन मार्केट आहे. माझ्या लहानपणी गादीवाला दारात यायचा. अंगणात रुई पिंजली जायची, नाकातोंडात तूस जायचं, आणि आजी खोळ शिवून घ्यायची ती खाटेच्या मापाने. उंच काकांची गादी लांब, आमची आखूड. 'साइज' हा शब्द कोणी उच्चारल्याचं मला आठवत नाही, पण गादी मापाची असायची.

जुनं ते सोनं म्हणायचं नाहीये मला. कापसाची गादी काही वर्षांत बसते, गोळे होतात, परत पिंजून घ्यावी लागते. पावसाळ्यात ओल धरते. उन्हात टाकायला दोन माणसं लागतात, आणि बाबांच्या वयात ती उचलणार कोण? फोमची गादी हलकी आहे, सोयीची आहे, फक्त उन्हाळ्यात गरम होते. माझी तक्रार फोमबद्दल नाही. टेप न लावता गादी घेण्याबद्दल आहे.

दुसऱ्या टोकाची मंडळीही आहेत. आत्या म्हणाली, "मग डबलबेडच कोंबा ना आत, बिचारा ऐसपैस झोपेल." नको. डबल घातला की चालायला जागा राहत नाही. रात्री अंधारात बाथरूमला जाणाऱ्या माणसाला पलंगाशेजारी निदान दोन फूट मोकळी जमीन हवी. ती गादीइतकीच गरजेची आहे. म्हणून सिंगलच बरोबर आहे. पण पूर्ण सिंगल.

जाडीचंही कोणी बघत नाही. तो दिवाण खालून पेटीचा, सोळा इंच उंच. त्यावर सहा इंचांची गादी. झाले २२. बाबा काठावर बसले की टाचा जमिनीला टेकत नव्हत्या. सकाळी उठताना अर्धवट उडी मारावी लागे. काठावर बसल्यावर पावलं पूर्ण टेकली पाहिजेत आणि गुडघा काटकोनात आला पाहिजे, एवढीच परीक्षा आहे. दुकानात ती कोणी घेत नाही, कारण झोपणारा माणूस दुकानात नेलेलाच नसतो. आम्हीही नेला नव्हता.

शेवटी काय केलं ते सांगते. ओळखीच्या सुताराकडून साधी खाट करून घेतली. फळी जमिनीपासून १४ इंचांवर, पायाकडे आडवी फळी नाही, आणि आतलं माप गादीपेक्षा अर्धा इंच जास्त, नाहीतर गादी मधून फुगते. त्यावर ३६ बाय ७८ ची, पाच इंच जाडीची गादी. ज्या दुकानात पहिल्यांदा गेलो तिथला मुलगा म्हणाला, "मॅडम, सिंगल म्हणजे ७२ च घेतात सगळे." दुसरीकडे मिळाली. ६० बाय ९० ची नेहमीची चादर तिला पुरते, फक्त पायाकडे खोचायला इंचभरच उरते. तो दिवाण परत हॉलमध्ये गेला. बसायला उत्तम आहे. मुळात त्यासाठीच केला होता.

यावेळी बाबांना बरोबर नेलं होतं. दुकानात गादीवर आडवं व्हायला ते लाजत होते. "लोकं पाहून राहिले न," म्हणाले. मग चपला काढून झोपले. पाय सरळ केले आणि छताकडे बघत बराच वेळ तसेच पडून राहिले. मी दुकानदाराशी उगाच बोलत बसले.

पहिल्या रात्रीनंतर कसं वाटलं विचारलं तर म्हणाले, "जरा कडक आहे." मला बरं वाटलं. सहा महिन्यांत त्यांनी केलेली ती पहिली तक्रार.

दादा, तू वाईट वाटून घेऊ नकोस. फोनवर हो म्हणणारी मीच होते. पण तुम्ही सगळे आज रात्री एक करा. घरात जो कोणी एकटा झोपतो, तो झोपल्यावर एकदा हळूच जाऊन त्याचे पाय कुठे आहेत ते बघून या. आणि सकाळी टेप शोधा.