ओझूंचा पगारदार माणूस

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझू यांचे नाव निघाले की रसिक मंडळी चटईच्या उंचीवर लावलेल्या कॅमेऱ्याविषयी आणि झेन शांततेविषयी बोलू लागतात. उलट काही पुरोगामी मित्र 'पांढरपेशांची घरगुती रडगाणी' म्हणून त्यांना निकालात काढतात. ओझूंचे १९३०च्या दशकातील चित्रपट दोन्ही पक्षांनी नीट पाहिलेले दिसत नाहीत.

१९३१च्या 'टोकियो कोरस'मध्ये विमा कंपनीतला कारकून वृद्ध सहकाऱ्याच्या बडतर्फीचा जाब विचारतो आणि स्वतःच नोकरी गमावतो. १९३२च्या 'जन्मलो खरे, पण...'मध्ये वरिष्ठापुढे माकडचेष्टा करणारा बाप पाहून दोन मुले अन्नत्याग करतात. बापाचे उत्तर एवढेच, की पगार तोच देतो. वर्गसंबंधांवरील जाडजूड प्रबंधांना हे इतक्या थोडक्यात क्वचितच सांगता आले असेल!

आणि १९३६चा 'एकुलता एक मुलगा'? शिन्शू प्रांतातील रेशीम गिरणीत राबणारी विधवा मुलाच्या शिक्षणापायी घर आणि तुतीची शेतीही विकते. मुलगा टोकियोत रात्रशाळेचा मास्तर होतो. आईला शहर दाखवायला त्याला उसने पैसे काढावे लागतात. ही केवळ मायलेकरांची कथा मानणे म्हणजे आकडे झाकून ताळेबंद वाचणे होय. जपानी रेशमाचे मोठे गिऱ्हाईक अमेरिका होते. १९२९च्या मंदीत ती मागणी आटली, भाव कोसळले आणि शिकलेल्या तरुणांनाही कामे मिळेनाशी झाली. आई गिरणीत परतते, मैत्रिणीला मुलगा फार मोठा झाल्याचे सांगते आणि मग बाहेर एकटीच जाऊन बसते.

ओझूंचे दोष झाकण्याचे कारण नाही. संघटित कामगार त्यांच्या पडद्यावर जवळजवळ नाहीच. १९३७ ते १९३९ या काळात ते चीनमध्ये सैनिक होते. त्या आक्रमणाचा हिशेब त्यांच्या चित्रपटांनी मांडला नाही, आणि हे मौन क्षम्य नव्हे. परंतु संपाचे दृश्य नाही म्हणून शोषणही नाही, हे कोणते तर्कशास्त्र? युद्धोत्तर भरभराट सुरू होत असताना, १९५६च्या 'वसंतारंभ'मध्येही त्यांची नजर पगारावरून हटलेली नाही. निवृत्तीला टेकलेला एक नोकरदार तेथे मद्यालयात बसून आपला हिशेब सांगतो: शाळेजवळ कागद-पेन्सिलींचे दुकान काढायचे होते, पण हाती येणाऱ्या रकमेत तेही बसत नाही.